शनिवार तेली आणि आपण

परप्रांतात पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या मराठी माणसाला एक प्रश्न हटकून विचारला जातो, "तुमचे मूळ गाव कोणते?" आम्हां धार-देवासच्या मंडळींपाशी त्याचे उत्तर तयार असते. अठराव्या शतकाच्या पूर्वार्धात पवारांच्या मागोमाग आमचे पूर्वज नर्मदा ओलांडून माळव्यात आले. कोणी शिलेदार, कोणी कारकून, कोणी भिक्षुक. धारला एक गादी झाली आणि देवासला थोरली पाती व धाकटी पाती अशा दोन. १९४८ साली ही संस्थाने मध्य भारतात विलीन झाली. दरबारातून मराठी त्याच्या आधीच ओसरू लागली होती. पुढे कचेरीतून गेली, शाळेतून गेली आणि घरात तेवढी राहिली. घरात तरी ती किती राहिली, हा प्रश्न सध्या आमच्या मनात घोळतो आहे.

निमित्त घडले ते आमच्या गावच्या मंडळाच्या वार्षिक सभेचे. गणेशोत्सवातील कार्यक्रम यापुढे हिंदीतून करावेत, कारण मुलांना मराठी कळत नाही, अशी सूचना एका तरुण सभासदाने मांडली. त्यावर एक वयोवृद्ध गृहस्थ संतापून म्हणाले, "ज्यांना मराठी येत नाही ते आपले कसले? त्यांची नावे यादीतून काढून टाका!" सभा क्षणभर गप्प झाली. ज्यांची नावे काढावी लागली असती, त्यांत त्या गृहस्थांचीच नातवंडे होती. आमच्याही घरची स्थिती काही निराळी नाही. दिवसभर सरकारी शाळेत आम्ही हिंदीतून कारभार हाकतो, मराठी घेऊन एम. ए. केल्याचा अभिमान बाळगतो, आणि आमची नात मात्र मराठी प्रश्नाला हिंदीतून उत्तर देते.

त्या सभेत आम्हांला आठवण झाली ती कोकणातल्या बेने इस्रायलांची. आपले धर्मबांधव कोठे आहेत याची वार्ता नाही, धर्मग्रंथ हाताशी नाही, धर्मभाषा विसरलेली, अशा अवस्थेत या लोकांनी शतकानुशतके स्वत्व राखले. ते कसे राखले, हे आपण परमुलखातल्या मराठी माणसांनी समजून घेण्यासारखे आहे.

त्यांची परंपरा सांगते की, फार प्राचीन काळी अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यावर एक गलबत फुटले आणि त्यातून सात पुरुष व सात स्त्रिया तेवढ्या वाचल्या. त्यांचे वंशज कुलाबा जिल्ह्यातील खेड्यापाड्यांतून पसरले, तेलाचे घाणे चालवू लागले आणि शनिवारी घाणा बंद ठेवू लागले. शेजाऱ्यांनी त्यांना नाव दिले ‘शनिवार तेली’. वेष मराठी, बोली मराठी, आडनावेही गावांवरून पडलेली: केहीमकर, राजपूरकर, दिवेकर, पेणकर, रोहेकर, नवगावकर. मात्र शनिवारचा विसावा, आठव्या दिवशी मुलग्याची सुंता, खवले नसलेली मासळी वर्ज्य मानणे आणि ‘शेमा’ ही एकच प्रार्थना एवढे त्यांच्यापाशी उरले होते. सुखाचा प्रसंग असो वा दुःखाचा, तीच प्रार्थना. सणांची नावेसुद्धा मराठी झाली होती: नव्याचा सण, खिरीचा सण, बिरड्याचा सण. नवस फेडताना ते एलियाहू हन्नबीच्या नावाने मलिदा करीत आणि आजही करतात. गूळ, पोहे, खोबरे आणि फळे यांचे ते ताट पाहिले तर कोणत्याही मराठी घरातील माणसास ते परके वाटणार नाही.

या समाजाला पीठाधीश नव्हता, की परंपरेने चालत आलेला रब्बी नव्हता. दावीद राहाबी नावाच्या एका यहुदी पुरुषाने त्यांना ओळखले, धर्माचे शिक्षण दिले आणि निवडक घराण्यांतील माणसांना ‘काजी’ नेमले, असे ते मानतात. पुढे धर्माची धुरा वाहिली ती साध्या संसारी माणसांनी. सॅम्युएल एझिकेल दिवेकर हे कंपनी सरकारच्या पलटणीतले. म्हैसूरच्या युद्धात ते टिपूच्या कैदेत सापडले. हे बेने इस्रायल आहेत असे कळताच टिपूच्या आईने रदबदली करून त्यांचे प्राण वाचविले, अशी कथा आहे. सुटका झाल्यावर त्यांनी १७९६ साली मुंबईत ‘शाआर हारहामीम’, म्हणजे दयेचे द्वार, हे बेने इस्रायलांचे पहिले प्रार्थनामंदिर बांधले. ते आजही मशीद बंदर भागात उभे आहे आणि जवळचा रस्ता सॅम्युएल स्ट्रीट म्हणून ओळखला जातो.

यानंतर जे घडले ते आम्हां मराठीच्या विद्यार्थ्याला विशेष हृद्य वाटते. हरवलेला धर्म या लोकांना परत मिळाला तो मराठीतून. कोचीनचे यहुदी शिक्षक आले, मिशनऱ्यांनी बायबलचे मराठी भाषांतर केले, जॉन विल्सन यांनी १८३२ मध्ये हिब्रू भाषेचे व्याकरण मराठीतून छापले. मिशनऱ्यांचा हेतू धर्मांतराचा होता. बेने इस्रायलांनी विद्या घेतली आणि धर्म आपलाच ठेवला! वल्हांडण सणाच्या रात्री वाचावयाची ‘हग्गादा’ १८४६ साली मुंबईत मराठी भाषांतरासह निघाली. १८७४ साली पुण्यात तिची सचित्र आवृत्ती झाली, आणि तिच्या चित्रांत बेखमीर भाकरी करणाऱ्या बायका लुगडी नेसलेल्या आहेत. जोसेफ एझिकेल राजपूरकर या शाळामास्तरांनी प्रार्थनाग्रंथ एकामागून एक मराठीत आणले. हरिदासांची कीर्तने ऐकून बेंजामिन सॅमसन अष्टमकर प्रभृतींनी १८८० च्या सुमारास अब्राहाम, योसेफ, मोशे यांच्या आख्यानांवर मराठी कीर्तने सुरू केली. पूर्वरंग, उत्तररंग, ओवी, साकी, दिंडी सारे काही आपले, आख्यान तेवढे त्यांचे. हैम सॅम्युएल केहीमकर यांनी १८७५ मध्ये समाजाच्या मुलांसाठी शाळा काढली आणि समाजाचा इतिहास लिहिला. तो १८९७ मध्ये लिहून झाला होता, पण पुस्तकरूपाने निघाला १९३७ साली, तेल अवीवला. तोवर लेखक हयात नव्हते.

त्याच शाळेला पुढे सर एली कदूरी यांचे नाव मिळाले आणि रेबेका रूबेन तिच्या दीर्घकाळ मुख्याध्यापिका होत्या. पुण्याच्या हुजूरपागेत शिकलेली ही विदुषी १९०५ साली मुंबई विद्यापीठाच्या मॅट्रिकच्या परीक्षेत पहिली आली होती. मुख्याध्यापकाच्या खुर्चीवर बसणाऱ्या आम्हांस हे नाव उच्चारताना अंमळ ताठ बसावेसे वाटते.

रंगभूमी आणि बोलपट यांतही ही मंडळी होती. १९३१ साली आलेला आपल्याकडचा पहिला बोलपट ‘आलम आरा’ हा जोसेफ डेव्हिड पेणकर यांच्या नाटकावर आधारलेला. टक्कल, मिस्किल डोळे आणि जिभेवर साखर असलेले ‘डेव्हिड’ वाचकांना आठवत असतील. त्यांचे पूर्ण नाव डेव्हिड अब्राहाम चेऊलकर. १९५४ च्या ‘बूट पॉलिश’मधील त्यांचा जॉनचाचा अनाथ मुलांना भीक न मागता कष्ट करून जगायला शिकवितो. या भूमिकेने त्यांना फिल्मफेअर पारितोषिक मिळवून दिले आणि १९६९ साली सरकारने त्यांना पद्मश्री दिली. लहानपणी दूरदर्शनवर हा चित्रपट पाहताना हा चाचा अलिबागकडचा चेऊलकर आहे, हे आमच्या घरी कोणास ठाऊक नव्हते. इंग्रजीतून कविता लिहिणारे निस्सिम एझिकेल, ज्यांना १९८३ चा साहित्य अकादमी पुरस्कार लाभला, हेही याच समाजाचे. वृंदा नाबर यांच्यासह त्यांनी इंदिरा संतांच्या कवितांचा इंग्रजी अनुवाद केला.

क्रिकेटच्या मैदानावरचे एक नाव सांगितल्याविना राहवत नाही. ज्युडा रूबेन हे मुंबईचे पंच. १९६९ ते १९७७ या काळात त्यांनी १० कसोटी सामन्यांत पंचगिरी केली. जानेवारी १९७७ मध्ये मद्रासच्या कसोटीत इंग्लंडच्या जॉन लीव्हर या गोलंदाजापाशी व्हॅसलीन लावलेली पट्टी त्यांना दिसली, आणि त्यांनी ते सांगितले. घाम डोळ्यांत उतरू नये म्हणून ती लावली होती, असा इंग्लंडच्या गोटाचा खुलासा होता. लीव्हरवर दोष ठेवला गेला नाही. परंतु दिसले ते सांगणे हे पंचाचे काम, आणि केवढे वादळ उठेल याचा हिशेब न करता त्यांनी ते केले.

आता मूळ प्रश्नाकडे वळू. १९४८ साली इस्रायल राष्ट्र स्थापन झाले, तेव्हा भारतात सुमारे २०,००० बेने इस्रायल होते. पुढील काळात त्यांतील बहुसंख्य लोक तिकडे गेले. ज्या भूमीचे नाव घेत पूर्वजांनी शनिवारी घाणे थांबविले, त्या भूमीत १९६२ साली त्यांना विचारले गेले, "तुम्ही खरोखर यहुदी आहात का?" इतरांशी त्यांचे विवाह लावण्यापूर्वी त्यांच्या वंशाची चौकशी करावी, असा आदेश तेथील धर्मपीठाने काढला. किती क्रूर होता तो प्रश्न! ग्रंथ नसता, गुरू नसता ज्यांनी धर्म टिकविला, त्यांच्याकडे दाखला मागण्यात आला. त्यांनी निदर्शने केली, जेरुसलेमच्या रस्त्यावर धरणे धरले. अखेर १९६४ च्या ऑगस्टमध्ये तेथील संसदेने हा भेदभाव अमान्य केला आणि धर्मपीठालाही तो आदेश मागे घ्यावा लागला. त्या यहुदी राष्ट्रात राहून हीच मंडळी पुढे ‘मायबोली’ नावाचे मराठी नियतकालिक काढू लागली, हेही येथे नमूद केले पाहिजे.

हा वृत्तांत आम्ही सभेत थोडक्यात सांगितला आणि दोन गोष्टी सुचविल्या. पहिली ही की, आपले कोण आणि परके कोण याचा न्यायनिवाडा करावयास आपण बसू नये. हिब्रू विसरली म्हणून शनिवार तेली यहुदी नव्हते असे जर कोणी म्हणाला असता, तर राजपूरकर आणि केहीमकर यांच्यासाठी कोणी उरलेच नसते. मराठी न येणारे मूल हे यादीतून काढण्याचे नाव नव्हे. त्याच्या घरात पुरणपोळी होते, आजीला ते ‘आजी’ म्हणते, तोवर दार उघडे आहे.

दुसरी गोष्ट तितकी गोड नव्हती. शनिवार आपोआप टिकला नाही. आठवड्यातून एक दिवस घाणा बंद ठेवणे म्हणजे एका दिवसाची कमाई सोडणे, आणि तेही हातावर पोट असलेल्या माणसाने. ती किंमत त्यांनी दर आठवड्याला मोजली. आपण मराठीसाठी आठवड्यातून काय मोजतो? वर्षातून दहा दिवस गणपतीपुढे भाषणे केल्याने भाषा टिकत असती, तर आमच्या नातीने आमच्याशी हिंदीतून संवाद केला नसता.

हिंदी कार्यक्रमांचा ठराव त्या दिवशी बाजूला ठेवला गेला. यादीतून नावे काढण्याचाही. शनिवारी संध्याकाळी एक तास मंडळाच्या वाचनालयात मुलांनी मराठी वाचावे, एवढे ठरले. शनिवार कोणी सुचविला हे सांगावयास नको. पहिल्या शनिवारी चार मुले आली, त्यांत आमची नात होती आणि त्या वयोवृद्ध गृहस्थांचा नातूही. वाचताना ‘ळ’ अडखळतो, ‘च’ चुकतो. आम्ही हसत नाही आणि कोणास हसू देत नाही. परवा वाचून झाल्यावर नातीने विचारले, "आजोबा, आपल्या आडनावाचे गाव कुठे आहे?" प्रश्न मराठीत होता. नकाशा काढून आम्ही तिला गाव दाखविले, आणि तिच्या बोटाला धरून तसेच खाली नवगावपर्यंत नेले.