जावाची कंदुरी

मन्नत पुरी झाली की दर्ग्यावर कंदुरी करायची, हा मौद्यातल्या आमच्या घरचा जुना रिवाज. अलीकडे तिच्यावरून घरात दोन तट पडले आहेत. धाकटा चुलतभाऊ म्हणतो, ही बिदअत आहे, हिंदूंकडून आलेली. मोठ्या अम्मी काही बोलत नाहीत, मसाला वाटत राहतात.

अशात क्लिफर्ड गीर्ट्झ या अमेरिकन मानवशास्त्रज्ञाचे ‘द रिलिजन ऑफ जावा’ (१९६०) आमच्या हाती लागले. १९५३-५४ मध्ये ते पूर्व जावातल्या पारे गावी राहिले होते. पुस्तक सुरू होते तेच एका जेवणापासून. ऊद जळतो, पुरुष चटईवर बसतात, अरबीत दुआ होते. दोन घास खाऊन उरलेले केळीच्या पानात बांधून घरी न्यायचे. बायका आत, कुडाआडून ऐकत. (हे वाचून आमच्या घरातल्या बायका हसल्या.) या जेवणाचे नाव स्लामेतान, आपल्या ‘सलामत’च्याच घराण्यातले. दुसरे नाव केंदुरेन. म्हणजे कंदुरीच की! शब्द मूळचा फारसी, दस्तरखानाचा. एक वाट जावाला गेली, एक कन्हानकाठी आली.

आनंद झाला, पण काटाही बोचला. गीर्ट्झ यांनी ही जेवणे घालणाऱ्या खेडुतांना ‘अबांगान’ ठरवले. नमाज-रोजा कसोशीने पाळणारे ते ‘सांत्री’. असले कप्पे आमच्याही वाट्याला आलेले आहेत. रसेल आणि रायबहादूर हिरालाल यांनी १९१६ साली मध्य प्रांतातल्या जाती-जमातींचे चार खंड काढले, त्यात पिंजारी मुसलमान खरे, पण चालीरीतींनी निम्मे हिंदू. रसेलसाहेब १९०१ च्या खानेसुमारीचे प्रमुख होते. रकाने भरायची सवय सुटत नसावी.

मार्शल हॉजसन यांच्या ‘द व्हेंचर ऑफ इस्लाम’मध्ये (१९७४) गीर्ट्झवर नेमका आक्षेप आहे: सुधारक मुसलमानांची व्याख्या उचलली आणि बाकी सारे देशी ठरवले. म्हणजे आमचा भाऊ आणि अमेरिकन प्राध्यापक एकाच चटईवर! भावाला हे सांगितले. तो हसला नाही. “शब्द फारसी असला म्हणून काम जायज होतं का?” प्रश्न रास्त आहे. त्याचे उत्तर गीर्ट्झकडे नाही, आमच्याकडेही नाही.

मोठ्या अम्मींनी एवढेच विचारले, “तिकडे बोकड कापतात की कोंबडी?”

आम्ही म्हणालो, मान भाताचा, तोही रंगीत.

“भाताचा? मग ती नियाज झाली. कंदुरी कशी?”