घर नंबर २६४८

मार्विन गे आणि टॅमी टेरेलचं 'एन्ट नो माउंटन हाय इनफ' तुम्ही ऐकलंय. नाव आठवत नसेल, तर 'गार्डियन्स ऑफ द गॅलॅक्सी'चा शेवट आठवा. १९६७चं, प्रेमात आकंठ बुडालेलं ड्युएट. आता हेडफोन लावा आणि याच गाण्याचे नुसते आवाजाचे ट्रॅक ऐका, वाद्यं बंद करून. काय केमिस्ट्री! आणि गंमत म्हणजे ते दोघं एकत्र गायलेच नव्हते. टॅमीने आधी एकटीने गाऊन ठेवलं, मार्विनने नंतर येऊन आपल्या ओळी भरल्या.

हे घडलं ते घर डेट्रॉइटमध्ये आहे. २६४८, वेस्ट ग्रँड बुलेव्हार्ड. आधी तिथे फोटो स्टुडिओ होता. बेरी गॉर्डीने १९५९मध्ये ते घेतलं आणि बाहेर पाटी लावली, 'हिट्सव्हिल यू.एस.ए.'! मोटाउन कंपनीचं हे घर १९८५पासून म्युझियम आहे. बाहेरून पाहिलं तर वाटतं, बस, एवढंच? साधं दुमजली घर. मागच्या बाजूला 'स्टुडिओ ए'. छतावरून वायरी लोंबायच्या म्हणून वादक त्याला 'स्नेकपिट' म्हणायचे, सापांचं बीळ. गाण्यात आवाज घुमतो ना, तो बराचसा पोटमाळ्याचा! त्यासाठी छताला चक्क भोक पाडलंय. त्याखाली उभं राहून टाळी वाजवायची आणि वर ऐकायचं.

पण खरी चीज आहे बेसचा सुटा ट्रॅक. जेम्स जेमर्सन. उजव्या हाताच्या एकाच बोटाने वाजवायचा, तारा तुटेपर्यंत बदलायचा नाही. गिटारची वायर थेट मिक्सरच्या टेबलाला, मध्ये माइक नाही. म्हणून तो ट्रॅक एकटा ऐकताना माणूस कानाशी बसल्यासारखा वाटतो. पूर्ण गाण्यात ज्याला आपण नुसती धडधड समजतो, ती एक वेगळीच चाल निघते. गायकाच्या सुरांखालून पळणारी, मध्येच अडखळवणारी, पुन्हा बरोब्बर जागेवर येणारी.

आणि रेकॉर्डच्या कव्हरवर त्याचं नाव? नाही. प्रेझेंटेशन आपण बनवायचं आणि नाव बॉसचं, हे तुम्हाला काही नवीन नाही म्हणा. एकामागून एक हिट गाणी वाजवूनही जेमर्सनला वाट पाहावी लागली ती १९७१पर्यंत. मार्विनच्या 'व्हॉट्स गोइंग ऑन' अल्बमवर वादकांची नावं छापली गेली, त्याच्या नावामागे तर 'अतुलनीय' असं विशेषणही. पुढच्याच वर्षी कंपनी लॉस एंजेलिसला निघून गेली.