उरलेलं तेल

नरकचतुर्दशीच्या पहाटे आमच्या डोंबिवलीच्या घरात मी तिघांना तेल लावते. आधी नवरा, मग मुलगा, मग धाकटी. ती पाटावर बसते तीच डुलक्या घेत. उटणं, कारीट फोडणं, ओवाळणं होईतो फराळाची घाई सुरू होते, आणि वाटीच्या तळाशी उरलेलं तेल कोपरापर्यंत चोळून मी भराभर चार तांबे अंगावर घेते. इतकी वर्षं मी यालाच माझं अभ्यंगस्नान म्हणत आले.

गेल्या वर्षी भाऊबीज उरकून आम्ही दादरहून मध्यरात्री सुटणारी तुतारी पकडली आणि सावंतवाडीला उतरून रेडी गाठली. मुलांना समुद्र हवा होता, नवऱ्याला यशवंतगड बघायचा होता, आणि सासूबाईंनी गणपतीला नारळ सांगितला होता. १९७६ साली खाणीत सापडलेला हा भलाथोरला द्विभुज गणपती. लोखंडाच्या खाणींचं गाव, त्यामुळे मातीपासून कुंपणाच्या पानांपर्यंत सगळ्यावर तांबडा हात फिरलेला. मला मात्र काहीच बघायचं नव्हतं. आडवं पडायचं होतं.

आम्ही उतरलो त्या घरच्या वहिनींनी पहिल्याच संध्याकाळी मला खुर्चीतून उठताना पाहिलं आणि म्हणाल्या, “पाठ धरल्यान मां? फाल्यां काकीक बोलवतंय.”

खाडीपलीकडे गोव्यात, हरमलच्या किनाऱ्यावर, मोसमात मसाजच्या पाट्या लागतात, इंग्रजीत, रशियनमध्येसुद्धा. काकींकडे पाटी नाही. वय सत्तरीच्या आसपास. नवरा खाणीवर होता, त्या बाळंतिणींना आणि बाळांना न्हाणवायच्या. आता बाळंतपणं दवाखान्यात, त्यातही टाक्यांची. “माका आता कोण बोलवता?” हे त्यांनी तक्रारीच्या सुरात नाही, हिशेब सांगावा तसं सांगितलं.

सुरूच्या बनाला लागून वहिनींच्या माडांखाली चुडतांचा आडोसा होता. त्यात चटई, चटईवर जुनं लुगडं. लाटा दिसत नव्हत्या, ऐकू मात्र येत होत्या. तेलं दोन होती. एक घाण्यावरचं खोबरेल, सुक्या खोबऱ्याच्या दाट वासाचं. दुसरं हिरवट काळं, उंडीचं. उंडीची झाडं कोकणकिनाऱ्यावर पुष्कळ. तिच्या बियांचं हे कडू तेल पूर्वी दिव्यात जळायचं, सांधे धरले की अंगालाही लागायचं. वास काही चांगला नाही. औषधाला असावा तसा आहे.

“आंग सैल सोड गो बाय.”

मला वाटलं, सोडलंय. काकींनी माझा हात उचलून सोडला, तर तो तसाच वर राहिला. त्या हसल्या. “ह्यो हात अजून कामार आसा.”

मग त्यांनी उजवा खांदा धरला. अंगठा एका जागी ठेवला आणि हलवलाच नाही; नुसता दाबून बसल्या. मी ओरडले. डोंबिवलीच्या लोकलमध्ये लॅपटॉप, डबा, येताना भाजी, सगळं या एका खांद्यावर असतं. “ह्यो खांदो तुझो नाय, तुझ्या पिशयेचो आसा,” काकी म्हणाल्या. हाडांच्या डॉक्टरांनी एक्स-रे काढून जे लांबलचक सांगितलं होतं, तेच हे.

वाग्भटांनी अष्टांगहृदयात अभ्यंग रोज करायला सांगितलंय, त्यातही डोकं, कान आणि तळपाय यांवर जास्त लक्ष द्यायला. रोज! स्वयंपाक कोण करत असेल त्या घरी?

काकी तळपायांपर्यंत आल्या आणि मला एकदम माहेरची बाज आठवली. खाली शेगडी, ओव्या-शेपांची धुरी, डिंकाचे लाडू, आणि आईने ठरवलेल्या बाई मला अशाच चोळत होत्या. अकरा वर्षांपूर्वीची गोष्ट, धाकटीच्या वेळची. तेव्हा सगळे विचारायचे ते दूध पुरतं का, म्हणून. सव्वा महिना झाला, बाई दुसऱ्या घरी गेल्या. त्यानंतर माझ्या अंगाला हात लागले ते डबा मागायला, ताप बघायला, गर्दीत पुढे ढकलायला. डोळ्यांतून पाणी आलं. काकींनी पाहिलं असावं. त्यांनी फक्त पाय बदलला.

तेवढ्यात आडोशापलीकडून मुलाचा आवाज. “आई, चार्जर कुठाय?”

मी कोपरावर उठलेसुद्धा. काकींनी पाठीवर तळवा ठेवून मला परत खाली दाबलं.

“रे झिला, तुझी आवस तेलात आसा. तूच सोद.”

चार्जर त्याला सापडला. कुठे, ते मी विचारलं नाही.

चोळून झाल्यावर काकींनी मला न्हाणीत बसवून निगडीचा पाला घातलेलं कढत पाणी घातलं, आणि मग निजायला लावलं. मी जेवायची वेळ टळेपर्यंत झोपले. उठले तेव्हा तिघंही जेवून किनाऱ्यावर गेले होते, आणि ताटाखाली माझ्यासाठी सुरमईची एक तुकडी झाकून ठेवलेली होती.

निघताना काकींनी उंडीच्या तेलाची बाटली दिली. ती फ्रिजवर आहे. पाठीच्या मधोमध माझा हात पोचत नाही, म्हणून या चतुर्दशीला पाटावर पहिली मी बसणार, तेल धाकटीने लावायचं, असं घरात सांगून ठेवलंय. तिने विचारलं, “किती वेळ?”

मी म्हटलं, “एक तास.”

ती तिच्या बाबांकडे बघायला लागली.