खाऱ्या पाण्याचा शिंपला

मेहकरच्या आमच्या घरात शिंपेला काम असायचं. पैनगंगेच्या डोहातली काळसर शिंप दगडावर घासून तिच्या पोटाला भोक पाडायचं आणि त्या भोकाच्या धारेनं कैऱ्या सोलायच्या. आजीचा हात असा चाले की साल अखंड उतरे.

रेल्वेतल्या मामांनी काकिनाड्याहून आणलेल्या शिंपल्याला मात्र काहीच काम नव्हतं. तो देवघराशेजारच्या कोनाड्यात असे. जाड, फुगीर, पाठीवर उभे कंगोरे आणि कंगोऱ्यांवर मण्यांसारख्या गाठी. आत पांढराशुभ्र. बिजागरीच्या जागी बारीक दातांची सरळ रांग. त्यावरून बोट फिरवायचा मला नादच होता.

पुढे प्राणिशास्त्र शिकताना त्याची ओळख पटली. हा रक्तशिंपला. बहुतेक शिंपल्यांचं रक्त रंगहीन असतं; याच्या रक्तात आपल्यासारखं हिमोग्लोबिन असतं, म्हणून मांस लालभडक. प्राणवायू कमी असलेल्या किनाऱ्यालगतच्या चिखलात तो त्याच बळावर तगतो. काकिनाड्याच्या खाडीत तो मोठ्या प्रमाणावर गोळा करतात आणि कवचांचा चुना करतात.

शाळेच्या सहलीत लोणारच्या तळ्यावर गेलो, तेव्हा पाणी खारट म्हणून मी काठाकाठानं असलाच शिंपला शोधला होता. तो सापडला नाही. आता कारण कळतं. ते पाणी समुद्राचं नव्हेच. उल्केच्या आघातानं झालेल्या विवरात साठलेलं, सोड्यानं भरलेलं. त्याचा सामू दहाच्या आसपास. एवढ्या कार्बोनेटात कॅल्शियम खाली बसून जातं, मग कवच बांधायचं कशानं? 2020 च्या जूनमध्ये तळं गुलाबी झालं, ते मीठप्रिय सूक्ष्मजीवांमुळे. तिथं राज्य त्यांचंच. नुसत्या खारटपणावर समुद्रातला जीव जगत नाही. असल्या शिंपल्याला भरती-ओहोटीबरोबर येणारं खाणंही लागतं.

मला आज जास्त काळजी वाटते ती कैरी सोलणाऱ्या शिंपेची. रक्तशिंपल्याची पिल्लं समुद्रात आपली आपण तरंगत वाढतात. नदीतल्या शिंपेचं पिल्लू मात्र माशाच्या कल्ल्याला किंवा पराला चिकटून काही दिवस काढतं, मगच वाळूत उतरतं. मासे गेले की शिंपा गेल्या. वाळू उपसली की उरल्यासुरल्याही गेल्या. आमच्या नद्यांतून ट्रॅक्टरच्या ट्रॅक्टर वाळू निघते, आणि त्या वाळूत काय जिवंत होतं याची नोंद कुणी घेत नाही.

नदीकाठी राहणाऱ्यांना एवढीच विनंती: डोहाच्या काठी मिटलेली, जड शिंप हाती लागली तर ती जिवंत आहे. पुन्हा पाण्यात ठेवा. कैरीसाठी रिकामी शिंप पुरते.