यष्टीमागचा माणूस

चेंडू सीमेपार गेला की ओरडायचं, एवढंच माझं क्रिकेटचं ज्ञान. तरी मामाने डिवचलं म्हणून लॉर्ड्सवरच्या भारताच्या पहिल्या कसोटीचा, १९३२चा वार्तापट उघडून बसले. "भारताच्या कसोटी इतिहासातला पहिला चेंडू कोण खेळलं, सांग बरं," तो म्हणाला, "सी. के. नायडू म्हणू नकोस." मी तेच म्हणणार होते.

उत्तर होतं जनार्दन नवले. १९०२ साली फुलगावात जन्मलेले यष्टिरक्षक. नौमल जिऊमल यांच्याबरोबर सलामीला तेच उतरले होते. आता हे नवले पडद्यावर शोधायचे कसे? पाठीवर नाव नाही, नंबर नाही. सगळे पांढऱ्या कपड्यांत. वारीत चुलतभाऊ शोधावा तशी गत. कॅमेरा कोसभर लांब. फिल्म महाग, त्यामुळे चित्रण तुकड्यातुकड्यांत: आत्ता गोलंदाज धावतोय, तेवढ्यात फलंदाज काखेत बॅट मारून परत निघालेला. मधलं काय झालं ते आपण समजून घ्यायचं. रिप्ले नावाची सोय तेव्हा नव्हती, हे मला तिसऱ्यांदा मागे नेऊन बघताना आठवलं.

"अगं, चेहरा कसला शोधतेस? पॅड बघ," मामा म्हणाला. क्षेत्ररक्षण करणाऱ्यांत पॅड एकाच्याच पायाला. हे कळल्यावर जीव भांड्यात पडला. पण भारताची फलंदाजी आली आणि पुन्हा पंचाईत! आता पॅडवाले दोन, आणि यष्टीमागे वाकलेला तिसरा पॅडवाला म्हणजे इंग्लंडचा एम्स.

शेवटी धावफलक शेजारी घेऊन बसले. भारताच्या निसारने सटक्लिफ आणि होम्सच्या दांड्या उडवल्या, वुली धावबाद, इंग्लंड ३ बाद १९. ही पडझड चालू असताना प्रत्येक चेंडूला उठबस करणारा माणूस कोणाच्या खिजगणतीत नसतो. निवेदकाच्या तर नसतोच. मग एका ओळीवर बोट थांबलं: जार्डिन, झे. नवले, गो. नायडू, ७९. इंग्लंडच्या कर्णधाराचा झेल! नवल्यांचा कसोटीतला हा एकुलता एक झेल. फलंदाजीत १२ आणि १३. भारत १५८ धावांनी हरला.

त्यांच्या वाट्याला कसोट्या आल्या दोनच, धावा ४२. दुसरी डिसेंबर १९३३मध्ये बॉम्बे जिमखान्यावर, भारतात झालेली पहिली कसोटी. समोर पुन्हा जार्डिनच. नवल्यांच्या धावा १३ आणि ४.

"त्या सामन्याची फीत मिळाली तर तिथे तरी दिसतील का रे नीट?" मी मामाला विचारलं.

"लाला अमरनाथने ११८ ठोकल्या त्या सामन्यात? कॅमेरावाला काय वेडा आहे?"