घरातील आठवण, राष्ट्राची आठवण

१९३६ च्या डिसेंबरात पूर्व खानदेशातील फैजपुरास काँग्रेसचे अधिवेशन भरले. खेड्यात भरलेले ते पहिले अधिवेशन. बोदवडसारख्या त्या परिसरातील गावांत त्याची आठवण उरली असलीच, तर ती ‘आजोबा फैजपूरला गेले होते’ एवढ्या एका वाक्यापुरती. इतिहासग्रंथ अशा वाक्याची दखल घेत नाही. चित्रपट घेऊ शकतो काय, हा प्रश्न आनंद पटवर्धन यांच्या ‘वसुधैव कुटुंबकम्’ (२०२३) या माहितीपटाने नव्याने उभा केला आहे.

पटवर्धनांचा कॅमेरा तोवर बहुधा इतरांच्या घरांकडे वळलेला होता. या माहितीपटात तो स्वतःच्या घरी येतो. वृद्ध आईवडिलांचे चित्रण मुळात चित्रपटासाठी केलेलेच नव्हते. ते घरगुती होते. वडील बाळू हे राव आणि अच्युत पटवर्धन यांचे बंधू. त्यांपैकी अच्युतराव १९४२ च्या भूमिगत चळवळीतले. आई निर्मला शांतिनिकेतनात शिकलेल्या, पुढे कुंभारकलेत नाव मिळवलेल्या; त्यांचे माहेर सिंधमधील हैदराबादचे, जे फाळणीने परराष्ट्रात गेले. एवढी सामग्री हाती असताना वीरगाथा रचणे सोपे होते. येथे मात्र दोघे एकमेकांची थट्टा करतात, विसरतात, दुसऱ्याची आठवण दुरुस्त करतात. स्वातंत्र्यलढा या विसरण्या-आठवण्याच्या फटींतून प्रकटतो, आणि म्हणूनच त्यावर विश्वास बसतो. निवेदक जेथे वर्तमानावर थेट भाष्य करू लागतो तेथे ही वीण सैल पडते; आईवडील साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभे केल्यासारखे वाटतात.

आक्षेप याहून मूलगामी आहे. ज्या घरात राष्ट्रीय पुढारी कुटुंबीय म्हणून वावरले, त्या घराची स्मृती राष्ट्राची स्मृती म्हणून सहज खपते. ज्यांच्या घरी साधे छायाचित्रही नव्हते त्यांचे काय? याचे उत्तर या माहितीपटात नाही. ते याच दिग्दर्शकाच्या आधीच्या कामात शोधावे लागते. शाहीर विलास घोगरे ‘हमारा शहर’ (१९८५) मध्ये गाताना दिसतात. ११ जुलै १९९७ रोजी मुंबईच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण ठार झाले. त्यानंतर चारच दिवसांनी घोगरे यांनी आत्महत्या केली. तेथून सुरू झालेला ‘जयभीम कॉम्रेड’ पूर्ण व्हायला चौदा वर्षे लागली. त्यात घोगऱ्यांचे ते जुने चित्रण पुन्हा येते. चित्र तेच, गाणे तेच. पण पहिल्या चित्रपटात जी झोपडपट्टीची कैफियत होती ती आता मृताची आठवण झालेली असते. संकलनाच्या मेजावर घडलेला हा प्रयोग मराठी समीक्षेने, माहितीपट म्हणजे निव्वळ आशय असे गृहीत धरल्यामुळे, पुरेसा तपासलेला नाही.

दोन्ही ठिकाणी चित्रण वेगळ्याच हेतूने झाले होते. त्याचे स्मृतीत रूपांतर मृत्यूने केले. घोगऱ्यांचा आवाज उरला, कारण १९८५ पूर्वी कुणीतरी त्यांच्यासमोर कॅमेरा घेऊन उभे राहिले होते. फैजपूरला गेलेल्या त्या आजोबांसमोर तसे कुणी उभे राहिले नाही.