फिल्मची पट्टी

माझ्या आयुष्याला ज्या वस्तूने वळण दिले, ती 35 मिलिमीटर रुंदीची फिल्मची पट्टी प्रथम हाती आली तेव्हा टाकाऊ ठरलेली होती; टॉकीजमधला ऑपरेटर तुटलेल्या रिळांचे तुकडे खिडकीतून फेकी, आणि आम्ही मुले ते उन्हाकडे धरून त्यांत नटनट्यांचे चेहरे शोधीत असू. मला मात्र लागोपाठच्या दोन चौकटींतला भेद किती अल्प आहे, हे न्याहाळण्याचा छंद जडला. असल्या 24 चौकटी सरकतात तेव्हा पडद्यावर एक सेकंद उलटतो, हे गणित पुढे कळले.

दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र'च्या आधी, 1912 साली, भांडवलदाराची खात्री पटविण्यासाठी कुंडीत वाटाणा पेरून त्याच्या अंकुराची वाढ दिवसामागून दिवस टिपली, ही हकीकत वाचली तेव्हा आपल्या चित्रपटाचा पायाच चौकटीगणिक साठविलेल्या संयमावर रचला गेला आहे, याचा मला विलक्षण अभिमान वाटला. कॅनडातील नॉर्मन मॅकलॅरेन यांनी तर 'ब्लिंकिटी ब्लँक' या 1955 च्या लघुपटात कॅमेरा बाजूस सारून काळ्या फिल्मवरच आकृती कोरल्या आणि मधल्या कित्येक चौकटी कोऱ्या ठेवून ते अंतर भरून काढण्याचे काम प्रेक्षकाच्या दृष्टीवर सोपविले. तो पाहिल्यानंतर मी सुई हाती घेतली, ती अद्याप खाली ठेवलेली नाही.

कोरलेली रेषा पुसता येत नाही, आणि तिची जागा प्रत्येक चौकटीत केसभर ढळत असल्यामुळे ती पडद्यावर सतत थरथरते. काचेवर पसरलेल्या वाळूचा धर्म याच्या अगदी उलट. तिथे नवे चित्र काढावयाचे तर आधीचे मोडावेच लागते, आणि त्याचा दस्तऐवज म्हणून कॅमेऱ्यातील चौकट तेवढी उरते. कातरलेला कागद याहून शांत, तर जिवंत माणूस हट्टी: प्रमोद पती यांनी फिल्म्स डिव्हिजनसाठी केलेल्या 'आबिद' (1972) मध्ये चित्रकार आबिद सुरती स्वतःच चौकटीचौकटीने हलतात, आणि हा धाडसी प्रयोग सरकारी खात्यात मंजूर झाला, याचे मला आजही कौतुक वाटते. प्रत्येक माध्यमाला स्वतःचा काळ असतो. एकाच लघुपटात मी वाळू, कागद आणि ओरखडा एकत्र आणतो ते त्या निरनिराळ्या काळांची गाठ पडावी म्हणून, शोभेसाठी नव्हे. अनुदानाच्या अर्जात 'तंत्र' या रकान्यात एकच नाव भरण्याचा आग्रह धरणाऱ्या अंमलदारांना हे पटवून देणे मला आजवर साधलेले नाही.

म्हणून ॲनिमेशन शिकविणाऱ्या संस्थांना माझी कळकळीची विनंती आहे की, विद्यार्थ्याला संगणकापुढे बसविण्यापूर्वी त्याच्या हाती एक मीटर काळी फिल्म आणि एक सुई द्यावी. तेवढ्या लांबीत सुमारे 52 चौकटी मावतात आणि पडद्यावर त्यांचे दोन सेकंद होतात.